बाबूराव पेंटर यांचा कारखाना

ज्याचीं बहुतेक सारीं कामें नष्ट झालीं आहेत अशा कलावंताचें मोल ठरवावें तरी कसें, हा प्रश्न इतिहास लिहिणाऱ्यास वारंवार पडतो. गवयांच्या बाबतींत आपण या अडचणीची संवय करून घेतली आहे. ध्वनिमुद्रिका निघण्यापूर्वीं जे थोर गायक होऊन गेले त्यांचें गाणें आपण ऐकलेलें नाहीं. परंतु त्यांची शिष्यपरंपरा गात असते आणि तिच्यावरून मागचा अदमास आपण बांधतों. चित्रपट ही मात्र मुळांतच टिकवून ठेवण्याची कला. एकदां फितीवर उमटलें कीं तें कायमचें, अशी आपली भाबडी समजूत. प्रत्यक्षांत घडलें तें उलटें. हिंदुस्थानांत मूकपटांच्या काळांत तेराशेंच्या आसपास चित्रपट निघाले असें मानतात. त्यांपैकीं आज पुरते किंवा तुकड्यातुकड्यांनीं उरलेले तीसही भरत नाहींत. त्या वेळची फिल्म नायट्रेटची. ती पाहतां पाहतां पेट घेई. पेटली नाहीं तर डब्यांत पडल्या पडल्या कुजे. आणि कित्येकदां तिच्यांतली चांदी काढून घेण्यासाठीं ती भंगाराच्या भावानें विकलीही जाई. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटर यांचे मूकपट याच वाटेनें गेले. मागें राहिले ते थोडे तुकडे. ज्या 'सावकारी पाशा'चें नांव आपल्या चित्रपटांच्या प्रत्येक इतिहासांत आदरानें घेतलें जातें, तो १९२५ सालचा मूकपट आज कोणासही पाहावयास मिळत नाहीं.

तेव्हां बाबूरावांविषयीं लिहितांना 'कलामहर्षि' ही पदवी पुढें करून सुटका होत नाहीं. न पाहिलेल्या कृतीची स्तुति ही ऐकीव स्तुति होय, आणि ऐकीव स्तुतीचा उबग वाचकांप्रमाणें आम्हांसही आहे. आमच्या मतें त्यांचें मोल जाणण्याची एक वाट अजून मोकळी आहे. त्यांच्या चित्रपटांकडे पाहतां येत नसेल, तर त्यांच्या कारखान्याकडे पाहावें. कारखाना हा शब्द आम्ही बुद्ध्याच योजीत आहों. ज्या ठिकाणीं हत्यारें घडतात, काम शिकविलें जातें आणि मालही तयार होतो, त्यास आपल्या बोलींत हाच शब्द आहे.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म कोल्हापुरांत ३ जून १८९० रोजीं झाला. पेंटर हें त्यांचें आडनांव नव्हे. तें धंद्यानें चिकटलेलें नांव. जोशी, सुतार, तांबट हीं आपलीं जुनीं नांवेंही अशींच कामावरून पडलेलीं. हें इंग्रजी अमदानींतलें म्हणून इंग्रजी, इतकाच फरक. घराणें कारागिराचें. चित्रकलेचें वा मूर्तिकलेचें शाळेंतलें शिक्षण बाबूरावांस मिळालें नाहीं. नात्यांतले भाऊ आनंदराव यांच्या जोडीनें ते पाहून पाहून आणि करून करून शिकले. त्या काळचें कोल्हापूर हीही एक शाळाच होती. शाहू छत्रपतींच्या दरबारीं अल्लादियाखां गात होते, आबालाल रहिमान यांच्यासारखा चित्रकार त्याच शहरांत राहात होता, आणि नाटकमंडळ्यांचा तर तेथें राबता होता.

या दोघां भावांचें नांव प्रथम झालें तें नाटकाच्या पडद्यांमुळें. केशवराव भोसले यांच्या 'ललितकलादर्श' मंडळीसाठीं त्यांनीं रंगविलेल्या पडद्यांची वाखाणणी होत असे. आजच्या वाचकांस या कलेची कल्पना देणें जरूर आहे. राजवाडा, रस्ता, अरण्य, अंतःपुर असे पडदे प्रत्येक मंडळीपाशीं गुंडाळून ठेवलेले असत. सपाट कापडावर खोलीचा भास उत्पन्न करावयाचा. खांबांच्या रांगा दूर जातांना लहान होत गेल्या पाहिजेत. प्रकाश कोणत्या अंगानें येतो हें ठरवून त्याप्रमाणें सावल्या पाडावयाच्या. आणि हें सारें मागच्या बांकावर बसलेल्या माणसासही पटलें पाहिजे. चौकटीच्या आंत एक जग उभें करावयाचें आणि तें एका ठराविक जागेवरून पाहणाऱ्याच्या डोळ्यास खरें वाटावयाचें, ही पडदे रंगविणाऱ्याची विद्या. पुढें कॅमेऱ्याच्या मागें उभ्या राहणाऱ्या माणसास याहून दुसरी कोणती विद्या लागते?

येथें एक गोष्ट लक्ष्यांत घेण्याजोगी आहे. आरंभींच्या चित्रपटांत दृश्यांच्या मागें सर्रास रंगविलेले पडदेच टांगीत. पडदे रंगविण्यांत ज्याचा हातखंडा, त्यानें चित्रपटांतही तेंच केलें असतें तर कोणी दोष दिला नसता. खर्चही वांचला असता. परंतु बाबूरावांनीं चित्रपटांतून पडदा काढून टाकला आणि त्याच्या जागीं भरींव देखावे उभे केले. भिंत म्हणजे भिंत, खांब म्हणजे खांब. पडदा कोठें खोटें बोलतो हें त्याच्या कर्त्याइतकें दुसऱ्या कोणास कळणार? रंगमंचावर जें खोटें डोळ्यास गोड लागतें तें कॅमेऱ्याच्या कांचेपुढें उघडें पडतें, हें त्यांनीं ओळखलें.

दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ सालीं निघाला आणि त्यानें ज्यांस वेड लावलें त्यांत हे दोघे भाऊ होते. परंतु फाळक्यांची वाट त्यांस मोकळी नव्हती. फाळके १९१२ सालीं विलायतेस जाऊन कॅमेरा घेऊन आले होते. कोल्हापूरच्या पेंटर बंधूंपाशीं तेवढें द्रव्य नव्हतें. शिवाय १९१४ सालीं महायुद्ध पेटलें आणि परदेशी यंत्रें मिळणें आणखीच दुर्घट झालें. तेव्हां त्यांनीं चित्रें दाखविण्याचें एक जुनें यंत्र विकत घेतलें आणि त्याचा अभ्यास करून कॅमेरा स्वतःच घडविण्याचें मनांत आणलें.

ही गोष्ट पुष्कळदां चमत्कारासारखी सांगितली जाते. आम्हांस तीत चमत्कार दिसत नाहीं. त्याहून अधिक मोलाचें कांहीं दिसतें. चित्र घेणारें यंत्र आणि चित्र दाखविणारें यंत्र हीं आंतून एकमेकांचीं सख्खीं भावंडें. एकांत प्रकाश बाहेरून आंत येतो, दुसऱ्यांत आंतून बाहेर जातो. दोहोंतही फीत एकसारखी सरकत राहून चालत नाहीं. ती क्षणभर थांबली पाहिजे, तेवढ्यांत झडप उघडून मिटली पाहिजे, मग फितीच्या कडेच्या भोकांत दांत अडकून ती नेमकी एका चौकटीइतकी पुढें ओढली गेली पाहिजे, आणि पुन्हा थांबली पाहिजे. मूकपटांत हें सेकंदास सुमारें सोळा वेळां घडे, आणि तेंही हातानें दांडा फिरवून. सोळा चौकटींची फीत एक फूट भरते. म्हणजे दर सेकंदास एक फूट. दांताचें अंतर केंसाइतकें चुकलें तर पडद्यावरचें चित्र थरथरूं लागे. हें सर्व ओतीव, कांतीव आणि कानशीनें घांसलेल्या भागांचें काम आहे. ज्याच्या घरीं पिढीजाद हत्यारें चालत आलीं, त्याला तें अवघड होतें, अशक्य नव्हतें. आमच्या देशांत कारागिराची विद्या आणि कलावंताची विद्या या दोहोंमध्यें जी भिंत आपण सुशिक्षितांनीं पुढें उभी केली, ती बाबूरावांच्या घरांत नव्हती, एवढाच याचा अर्थ.

काम अर्ध्यावर असतांना १९१६ सालीं आनंदराव वारले. ज्यानें हा ध्यास प्रथम घेतला त्यालाच यंत्र चालतांना पाहण्याचें भाग्य लाभलें नाहीं. बाबूरावांनीं विष्णुपंत दामले या आपल्या सहकाऱ्यास हाताशीं घेऊन तें काम तडीस नेलें, आणि १९१८ सालीं कॅमेरा चालूं लागला. त्याच सुमारास 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी राहिली. भांडवल देण्यास पुढें आल्या त्या तानीबाई कागलकर या गायिका, ही गोष्ट आमच्या कांहीं चरित्रकारांनीं एका ओळींत उरकली आहे. पेढीवाले ज्या धंद्याकडे संशयानें पाहात होते, त्यावर एका कलावंतिणीनें स्वतःची पुंजी लावली. संस्थानच्या छत्रपतींचाही या उद्योगास आश्रय होता.

कंपनीचा 'सैरंध्री' हा चित्रपट ७ फेब्रुवारी १९२० रोजीं पुण्याच्या आर्यन थिएटरांत लागला. स्त्रियांचीं कामें स्त्रियांनींच केलीं होतीं. सात वर्षांमागें तारामतीच्या भूमिकेस एकही स्त्री मिळाली नाहीं म्हणून फाळक्यांना एका तरुण पुरुषास लुगडें नेसवावें लागलें होतें, हें आठवलें म्हणजे त्या पाऊलाची किंमत कळते. कमलादेवी आणि सुशीलादेवी या टोपणनांवांनीं पडद्यावर आलेल्या त्या दोघींनीं लोकापवाद किती सोसला असेल याची कल्पना वाचकांनींच करावी. कीचकवधाचा प्रसंग तर इतका हुबेहूब वठला होता कीं तो सेन्सॉरच्या डोळ्यांत सलला आणि कापावा लागला. लोकमान्य टिळकांनीं हा चित्रपट पाहून बाबूरावांस 'सिनेमाकेसरी' म्हणून गौरविलें. त्याच वर्षीं १ ऑगस्टला लोकमान्य निवर्तले. त्यामुळें हा गौरव कंपनीनें देवघरांतल्या प्रसादासारखा जपला असल्यास नवल नाहीं.

यापुढचीं पांच-सहा वर्षें या कारखान्याच्या भरभराटीचीं. देखाव्यांचीं चित्रें बाबूराव काढीत. पोषाख, दागिने, रथ, हत्यारें त्यांच्या रेखाटनांवरून तयार होत. नटानें कसें उभें राहावें, हात कोठें असावा, हेंही ते आधीं कागदावर काढून दाखवीत. हरिभाऊ आपटे यांच्या 'गड आला पण सिंह गेला' या कादंबरीवरून त्यांनीं १९२३ सालीं 'सिंहगड' काढला, त्यांत कृत्रिम प्रकाशाचा उपयोग केला. तोंपर्यंत चित्रपटाचें काम सूर्य असेपर्यंतच चाले. तानाजीची रात्र भर उन्हांत घेऊन फितीला निळा रंग दिला असता तरी प्रेक्षकांनीं ती गोड मानून घेतली असती; बाबूरावांस ती तशी चालली नाहीं. चित्रपटाबरोबर कथासार व छायाचित्रें यांची पुस्तिका काढण्याची आणि रंगीत भित्तिचित्रें छापून लावण्याची चालही त्यांनींच आपल्याकडे रूढ केली. म्हणजे यंत्र त्यांचें, देखावा त्यांचा, दिग्दर्शन त्यांचें, आणि रस्त्यावरच्या भिंतीवर जें चित्र पाहून माणूस थिएटरांत शिरे तेंही त्यांच्याच कुंचल्याचें.

असा एकहाती पसारा पाहिला म्हणजे आपण 'अष्टपैलू' असा शब्द वापरून मोकळे होतों. आम्हांस तो शब्द येथें अपुरा वाटतो. या सर्व कामांचे निरनिराळे धंदे तेव्हां अस्तित्वांतच नव्हते. कलादिग्दर्शक नांवाचा माणूस बाजारांत मिळत नव्हता. प्रकाशयोजना करणारा मिळत नव्हता. जें हवें तें स्वतः करावें, नाहीं तर त्यावांचून राहावें, असा तो मामला होता. बाबूरावांचें स्वातंत्र्य या निकडींतून आलें. ज्यास कॅमेऱ्यासाठीं विलायतेकडे हात पसरावा लागत नाहीं, आणि चित्रकार, सुतार व रंगारी यांच्यासाठीं मुंबईच्या शेठजीकडे पाहावें लागत नाहीं, त्यास कोणती गोष्ट पडद्यावर आणावी हेंही कोणास विचारावें लागत नाहीं.

या स्वातंत्र्याचा खरा उपयोग त्यांनीं १९२५ सालीं केला. पौराणिक आणि ऐतिहासिक कथांची चलती असतांना, आणि त्या कथांनींच कंपनीस नांव मिळवून दिलेलें असतांना, त्यांनीं नारायण हरि आपटे यांची एक कथा घेतली व 'सावकारी पाश' काढला. कर्जापायीं जमीन गमावून बसलेला एक शेतकरी गांव सोडतो आणि शहरांत गिरणीमजूर होतो, एवढेंच तिचें सूत्र. देव नाहीं, दैत्य नाहीं, तलवार नाहीं. सावकाराची वही हेंच त्यांतलें शस्त्र. पुणें जिल्ह्यांतल्या सुप्याच्या बाजारांत १८७५ सालीं शेतकऱ्यांनीं सावकारांचीं खतें-रोखे हिसकावून जाळले. तो वणवा पुणें व नगर जिल्ह्यांत पसरला, आणि त्यावर उपाय म्हणून सरकारनें १८७९ सालीं दक्षिणेंतल्या शेतकऱ्यांसाठीं कायदा केला. पन्नास वर्षें लोटलीं तरी पाश सुटलेला नव्हता. आमच्या कादंबरीकारांनीं आणि वर्तमानपत्रांनीं हा विषय हाताळला होता. परंतु ज्यास अक्षर वाचतां येत नव्हतें त्या शेतकऱ्यापुढें त्याचेंच चित्र ठेवण्याचें काम मूकपटाइतकें दुसरें कोण करूं शकलें असतें? तरुण शेतकऱ्याची भूमिका कंपनींतल्याच व्ही. शांताराम या उमेदवारानें केली. ज्यांनीं तो चित्रपट त्या वेळीं पाहिला त्यांच्या आठवणींत कथानकापेक्षां त्यांतल्या झोपडीचें, अंधाराचें आणि दैन्याचें दृश्यच अधिक खोल रुतून राहिलें. पौराणिक चित्रांसारखी गर्दी मात्र त्यास लाभली नाहीं. आपला प्रेक्षक स्वतःचें दुःख पाहण्यास पैसे देत नाहीं, असा निष्कर्ष धंदेवाल्यांनीं त्यावरून काढला आणि पुढें कित्येक वर्षें तो उराशीं बाळगला. बाबूरावांनीं तो मानला नाहीं असें दिसतें. कारण बोलपट आल्यावर १९३६ सालीं त्यांनीं हीच कथा पुन्हा काढली.

आतां त्यांच्या उण्या बाजूकडे वळणें प्राप्त आहे. भक्तिभावानें लिहिलेल्या चरित्रांत ती झांकली जाते. ज्या हातास सर्व कांहीं येतें तो हात दुसऱ्यावर काम सोंपविण्यास सहसा राजी नसतो. बाबूरावांचें काम संथ. मनाजोगें होईपर्यंत ते पुढें सरकत नसत. चित्रकाराच्या खोलींत हा गुण होय. परंतु ज्या कारखान्यांत दरमहा पगार वाटावयाचे असतात तेथें त्याचा दोष होतो. शिवाय त्यांच्या हाताखालीं जीं माणसें तयार झालीं तीं सामान्य नव्हतीं. विष्णुपंत दामले, फत्तेलाल, शांताराम, केशवराव धायबर हे सर्व या एकाच आखाड्यांतले. उस्तादानें डाव शिकवावा, पट्ठ्यानें तो आत्मसात करावा, आणि मग एके दिवशीं पट्ठ्यास स्वतःची तालीम काढावीशी वाटावी, हें कोल्हापुरांत कोणास नवें नव्हतें. १ जून १९२९ रोजीं या चौघांनीं सीतारामपंत कुलकर्णी यांस बरोबर घेऊन 'प्रभात फिल्म कंपनी' स्थापन केली.

हा प्रसंग कोणी गुरुद्रोह म्हणून रंगवितात. आम्हांस तो न्याय वाटत नाहीं. बाबूरावांच्या एका देहांत जीं कामें एकवटलीं होतीं तीं या पांच जणांनीं वांटून घेतलीं: शांताराम दिग्दर्शनाकडे, फत्तेलाल कलेकडे, धायबर कॅमेऱ्याकडे, दामले पुढें ध्वनीकडे, आणि कुलकर्णी पैशाकडे. जें एका माणसास स्वतःपुरतें साधलें होतें तें आतां मंडळीस साधूं लागलें. 'आलम आरा' १४ मार्च १९३१ रोजीं लागला आणि मूकपटांचे दिवस सरत आल्याचें सर्वांस कळलें. 'प्रभात'नें १९३२ सालीं 'अयोध्येचा राजा' हा बोलपट काढला, १९३३ सालीं पुण्यास बिऱ्हाड हलविलें, आणि १९३६ सालच्या दामले-फत्तेलाल यांच्या 'संत तुकारामा'चें कौतुक पुढच्या वर्षीं व्हेनिसपर्यंत झालें. त्या चित्रपटांतला इंद्रायणीकांठ, तें घर, ती अंगणांतली म्हैस ज्यांनीं पाहिली आहे, त्यांस बाबूरावांच्या शाळेंत काय शिकवीत याचा पुरावा आणखी शोधण्याचें कारण नाहीं. मागें सांगितलेला गवयाचा न्याय येथेंही लागूं पडतो, तो असा.

गुरूची गति मात्र वेगळी झाली. महाराष्ट्र फिल्म कंपनी १९३० नंतर फार दिवस तगली नाहीं, आणि बाबूरावांचाही तिच्याशीं संबंध सुटला. स्वतःच्या यंत्रावर, स्वतःच्या जागेंत काम केलेल्या माणसास आतां दुसऱ्याच्या कंपनींत दिग्दर्शक म्हणून बसणें आलें. शालिनी सिनेटोनसाठीं त्यांनीं १९३५ सालीं 'उषा', मग बोलका 'सावकारी पाश', १९३७ सालीं 'प्रतिभा' असे चित्रपट केले. बोलपटाचें यंत्र घरच्या लेथवर कांतून होण्यासारखें राहिलें नव्हतें. ध्वनिमुद्रणाची सामग्री बाहेरून आणावयाची, ती चालविणारा तज्ज्ञ ठेवावयाचा, आणि दर दिवसाचा खर्च मोजावयाचा, अशा काळांत त्यांची जुनी पद्धत पुरी पडेना. मधल्या वर्षांत ते चित्रें काढीत, मूर्ति घडवीत. कुंचला आणि छिनी हीं हत्यारें तेवढीं अखेरपर्यंत त्यांच्या मालकीचीं राहिलीं.

१९४७ सालीं शांतारामांनीं आपल्या राजकमलच्या 'लोकशाहीर रामजोशी' या चित्रपटासाठीं गुरूंस बोलाविलें. काम चालूं असतां शांतारामांसही दिग्दर्शनांत हात घालावा लागला, आणि तो चित्रपट दोघांच्या नांवें लागला. पडद्यावर गुरुशिष्यांचीं नांवें शेजारीं शेजारीं आलीं खरीं; परंतु जागा शिष्याची होती, कॅमेरे शिष्याचे होते, आणि काम किती दिवसांत पुरें व्हावें हें ठरविण्याचा अधिकारही शिष्याचाच होता. १९५२ सालच्या 'विश्वामित्र' या चित्रपटानंतर बाबूरावांनीं दिग्दर्शन केलें नाहीं. १६ जानेवारी १९५४ रोजीं ते वारले.

'कल्याण खजिना' या १९२४ सालच्या त्यांच्या मूकपटाची फीत आज पाहावयास मिळत नाहीं. त्याचें रंगीत भित्तिचित्र मात्र शिल्लक आहे, आणि हिंदुस्थानांतल्या चित्रपटांच्या उरलेल्या भित्तिचित्रांत तें सर्वांत जुनें म्हणून दाखवितात.